लेकुरवाळी मरळ आणि बंगालचे जिरे

हवापालटाला लोक महाबळेश्वरला जातात, पाचगणीला जातात. मी टायफॉइडातून उठले आणि भंडारा जिल्ह्यात गेले, तेही भर श्रावणात. "त्यापेक्षा मलेरिया इथेच मागवून घे, गाडीभाडे तरी वाचेल," असे मावशी म्हणाली. पण माझा थोरला भाऊ अर्जुनी मोरगावला ओव्हरसियर आहे. मालगुजारी, म्हणजे तिकडची जमीनदारी, गेली तसे तिकडचे गावोगावचे तलाव सरकारकडे आले आणि त्यांच्या मातीच्या पाळी, पाणी सोडायची तोंडे आणि गळत्या तपासत हिंडणे हे दादाच्या नशिबी आले. त्याने सहज लिहिले होते, "येऊन बघ, इथे देवळांपेक्षा तलाव जास्त आहेत." मी ते आमंत्रण समजून बिछाना बांधला.

जाण्यामागे माझा एक छुपा हेतूही होता. मी सांगलीच्या एका मुलींच्या शाळेत शास्त्र शिकवते. दर वर्षी फळ्यावर एक साखळी काढते : गवत, नाकतोडा, बेडूक, साप, घार. मधे बाण. एक दुसऱ्याला खातो, दुसरा तिसऱ्याला, मुली वहीत उतरवून घेतात आणि घंटा होते. ही मंडळी एकमेकांना खाताना मी स्वतः मात्र कधी पाहिली नव्हती. जी पंगत मी वर्षानुवर्षे वाढत होते, ती एकदा डोळ्यांनी बघावी, एवढीच इच्छा.

छोट्या गाडीने अर्जुनीला

गोंदियापर्यंत मोठी गाडी. स्टेशनात पाय ठेवला आणि मराठी संपलीच असे वाटले. हमाल हिंदी, चहावाला हिंदी, तिकीट बाबूही हिंदी. माझी हिंदी ऐकून त्या बाबूने इतक्या दयाळूपणे माझ्याकडे पाहिले की मी सरळ मराठीत बोलू लागले, आणि त्याला ती उत्तम कळत होती.

तिथून चांद्याकडे जाणारी छोटी गाडी. ती इतकी सावकाश जाते की दारात बसून दोन्ही बाजूंचा मुलूख नीट वाचून घेता येतो. धानाच्या बांध्यांमागून बांध्या, म्हणजे बांध घातलेले भाताचे तुकडे. प्रत्येकात घोटाभर पाणी, पाण्यात आभाळ, आणि रोवणी करणाऱ्या बायकांच्या वाकलेल्या रांगा. मधेच पळसाची झाडे, मोहाची झाडे, आणि मग अचानक एक तलाव. तो संपतो न संपतो तोच दुसरा. आमच्याकडे शेताला विहीर असते. इकडे गावाला तलाव असतो, आणि गाव त्याच्या पाळीखाली अंग चोरून बसलेले असते.

दादाकडे सकाळी भात, दुपारी भात, रात्री भात. चौथ्या जेवणाला मी भाकरीचा विषय काढला. "ज्वारी इथे आजाऱ्याला देतात," तो गंभीरपणे म्हणाला. खरे असेल असे वाटत नाही, पण मी पुन्हा विषय काढला नाही. तोंडी लावायला लाखोळीचे वरण आणि तरोट्याची कोवळी भाजी मात्र इतकी चवदार होती की टायफॉइडने नेलेले वजन मी तिथे वसूल करून घेतले.

खैरटोल्याची पाळ

दादाला खैरटोला नावाच्या गावचा तलाव बघायचा होता. बैलगाडीतून मीही गेले. पाळीवरून चालता चालता खाली रोवणी चाललेली दिसली. बायका पुढे सरकत होत्या आणि त्यांच्या मागे मागे, शाळेच्या पाहुण्यांसारखे मान उंच करून, बगळे चालले होते. चिखल ढवळला की किडे उठत, किड्यांवर बेडूक झेपावत आणि बेडकांवर बगळे. माझा फळा जिवंत होऊन समोर चालत होता! मी अधाशासारखी पुढे गेले, बांधावरून पाय घसरला आणि गुडघ्यापर्यंत बांधीत जाऊन बसले.

"काऊन बाई," एक बाई कंबर सरळ करून म्हणाली, "रोवना करायले आल्या का लोळायले?"

सगळी रांग हसली. मीही हसले, दुसरे करण्यासारखे काही उरले नव्हते.

पाय धुवायला मी ढिवरांच्या वस्तीत शिरले. ढिवर म्हणजे तलावातली मासेमारी पिढ्यान्‌पिढ्या करणारे लोक. पहिल्याच घरामागे एक मोठा खड्डा होता, भिंतीसाठी माती काढल्याने झालेला आणि पावसाने भरलेला. मी काठावर बसून चिखलाने माखलेली चप्पल पाण्यात धरली मात्र, पाण्याखालून एक काळे तोंड धडक मारत वर आले आणि चप्पल माझ्या हातातून उडाली.

"ओ बाई! निंगा मांगं! ते चावते!" असे ओरडत घरातून एक बाई धावत आली. चाळिशीपलीकडची, काटक, गुडघ्याच्या वर कासोटा. ही भिवराबाई. तिने बांबूने चप्पल ओढून काढली, माझ्या हातात दिली आणि मग मलाच रागे भरली. "लेकुरवाळी हाय ते. लेकरं राखून राहिली. बैल आला तं बैलाच्या तोंडावर जाते, तुमची चप्पल काय चीज हाय!"

मी वाकून पाहिले. पाण्याच्या वरच्या थरात कुंकवाचा करंडा सांडावा तसा एक लाल गोळा थरथरत होता. नीट पाहिल्यावर कळले, ती बोटाच्या पेराएवढी शेकडो पिल्ले होती, एकमेकांना चिकटून पोहणारी. आणि त्यांच्या बरोबर खाली, हातभर लांबीची, सापासारख्या डोक्याची मरळ मासळी पहारा देत होती. गोळा डावीकडे सरकला की ती डावीकडे. उजवीकडे, की उजवीकडे. माझ्या फळ्यावरच्या साखळीत प्रत्येक जण दुसऱ्याला खातो. कोणी कोणाला राखतो, हे त्यात कुठेच नव्हते.

"ही तलावातली ना? मग खड्ड्यात कशी?" मी विचारले.

भिवराबाईने सांगितले ते असे. ढिवरांनी यंदा सोसायटी काढली होती आणि तिचा मुलगा सुखदेव तिचा सेक्रेटरी होता. या तलावात कलकत्त्याहून आणलेले रोहू-कतल्याचे बी सोडायचे ठरले. त्या बीला जिरे म्हणतात, कारण ते खरोखर जिऱ्याएवढे असते. पण आधीपासून तलावात असलेले मासेखाऊ मासे ते जिरे एका दिवसात फस्त करतील. म्हणून पावसाळ्याच्या तोंडाशी, पाणी अगदी कमी असताना, सोसायटीने तलावात मोहाची ढेप टाकली. मोहाच्या बियांना इकडे टोळी म्हणतात. तिचे तेल काढून उरलेली ही ढेप. तिने पाण्यातले सगळे मासे गुंगून वर आले, वस्तीने ते पोटभर खाल्ले, आणि तलाव मोकळा झाला. मजा अशी की माशांना मारणारी हीच ढेप पंधरवड्यात कुजते, खत होते, पाणी हिरवे करते, आणि त्या हिरव्यावर बारीक जीव पोसले जातात. तेच पुढे जिऱ्याचे अन्न. मोहाची फुले अस्वल खाते, हरीण खाते, माणूस पितो हे मी ऐकून होते. त्याच झाडाच्या बिया आधी विष आणि मग जेवण होतात, हे नवीन होते.

"ढेप टाकाच्या आंधी मले हे दिसली, लेकरायसंगं," भिवराबाई म्हणाली. "लेकरं टोपलीत घेतली तं हे आपल्यानंच घागरीत आली. माहा बाप सांगे, लेकुरवाळीले हात लावाचा नाई. अन् लावलाच, तं जेथून उचलली तेथंच सोडाची. नाई तं तलाव वांझ होते."

"मग आता पुन्हा तलावात सोडणार?"

"सोडनार नाई तं काय?"

"अन् जिरे?" मागून आवाज आला. हा सुखदेव. पंचविशीचा, खिशाला पेन, पायात चिखल. त्याने मला रामराम केला आणि आईकडे वळला. "माय, तुले किती दा सांगू? मासा मास्यालेच खाते. कलकत्त्यावरून जिरे आनाचे अन् तुह्या मरळीले चाराचे का?"

"लेकरं राखताना ते दाना घेत नाई. उपास रायते तिचा. तुह्या आज्याले पूस."

"आजा मेला, माय."

"म्हनून तं तू असा बोलून राहिला."

पोरगा चिडला, पण आवाज चढवला नाही. तो मला समजावू लागला. पंचायतीने तलाव ढिवरांना एका सालासाठी दिला होता. मासा झाला तर पुढेही त्यांच्याकडेच राहणार. नाही झाला तर शहरातला एक ठेकेदार टपलेला होताच. मग ज्या तलावात सात पिढ्या जाळे टाकले, तिथे मजुरीने जाळे ओढायचे. त्याच्या शब्दावर साऱ्या वस्तीने यंदा या तलावात जाळे टाकले नव्हते. त्या वेळी त्याचा चेहरा बघवेना.

भिवराबाईलाही हे सगळे कळत होते. पण तिचे भय वेगळे होते. "तुहे ते बंगालचे पोट्टे," ती पुटपुटली. "माय नाई, बाप नाई. मडक्यात भरून आनाचे अन् पान्यात फेकाचे. असं कोनतं लेकरू जगते?"

पाटलांचा प्रश्न

दुपारचे जेवण पाटलांकडे होते. पाटील कोहळी, म्हणजे इकडच्या तलाव बांधणाऱ्या जातीचे. या तलावाची पाळ त्यांच्या पूर्वजांनी बांधली आणि ते हे दर दोन घासांमागे एकदा सांगतात. पंचायतीचे प्रमुखही तेच. "मासा ढिवराचा, पानी कोहळ्याचं," ते म्हणाले. "आमी धानाले पानी घेतो, ते मासे घेते. भांडन कायचं? पन बाई, रिकामा तलाव कोनाच्या नावानं ठेवाचा? यंदा मासा नाई झाला तं मी बी पंचायले काय सांगू?"

मी शास्त्राची मास्तरीण आहे हे कळल्यावर त्यांनी ताटावरच मला घेरले. "मंग मले सांगा. पान्यात पाहा, बांधीत पाहा, सारे एकमेकाले खाऊनच राहिले. तं सारं सरून काऊन नाई जात?"

हा प्रश्न माझ्या वर्गातल्या एकाही मुलीने कधी विचारला नव्हता. मी म्हटले, "पाटील, तुमचे धान कोणाला खाते? कोणालाच नाही. ते चिखल, पाणी आणि ऊन यांवर वाढते. सगळी पंगत शेवटी त्याच्यासारख्या हिरव्यावर बसलेली असते. आणि जो जो मरतो तो पुन्हा चिखलात जातो, म्हणून चिखल संपत नाही. शिवाय वरचे खाणारे नेहमीच थोडे असतात. एका सापाला ढीगभर बेडूक लागतात, एका बेडकाला ढीगभर किडे. म्हणून किडे अगणित, बेडूक पुष्कळ, साप थोडे, आणि घार आभाळात एखादीच."

"म्हंजे गावात पाटील एकच असते तसं," पाटील खूश होऊन म्हणाले.

"तसंच."

"अन् पाटलाले कोन खाते?" त्यांनी स्वतःच विचारले आणि स्वतःच उत्तर दिले, "सरकार! मालगुजारी खाल्ली ना आमची."

"आणि सरकारला?"

"ते तुमच्या भावाले पुसा," म्हणत त्यांनी दादाच्या ताटात आणखी भात लोटला. दादाने मान वर केली नाही.

मडकी आणि मच्छरदाणी

जिरे यायच्या दिवशी मी सुखदेवबरोबर गोंदियाला गेले. दादाने डोक्यावर हात मारून घेतला, पण कलकत्त्याची गाडी माशांची पोरे घेऊन येते हे बघायचे सोडून मी घरात भात शिजवत बसणार नव्हते.

गाडीतून मातीची मडकी उतरली. त्यांच्याबरोबर आलेल्या बंगाली गृहस्थाचे डोळे तांबारलेले, हात पांढरेफटक. वाटभर तो एकामागून एक मडक्यात हात घालून पाणी हिंदकळवत आला होता. "हाथ मत रोकना बाबू," त्याने सुखदेवला बजावले, "पानी रुका तो जीरा मरा." पाणी हलले की त्यात हवा मिसळते आणि तीच त्या जिवांचा श्वास. मी एका मडक्यात डोकावले. आधी नुसते गढूळ पाणी. मग त्या पाण्याला डोळे आहेत असे वाटले. काळे, टाचणीच्या टोकाएवढे डोळे, बाकी अंग काचेसारखे.

छोट्या गाडीत सुखदेव आणि मी समोरासमोर बसून सगळ्या वाटेने मडकी हिंदकळवत होतो. माझे हात भरून आले. एका मडक्यातले जिरे मेले आणि पाणी दुधासारखे पांढरे झाले, तेव्हा सुखदेवने ते उचलून खिडकीबाहेर ओतले आणि पुढचे मडके हिंदकळवायला घेतले.

"रोहूची माय कोठी रायते, बाई?" त्याने एकदम विचारले.

"ती नदीत अंडी टाकते आणि निघून जाते. राखत नाही. म्हणून तर ती लाखांनी टाकते. त्यातली थोडी जगली तरी तिचे भागते. मरळ थोडी टाकते आणि राखते."

"म्हंजे माय खोटं नाई बोलत. ह्याइले माय नाईच."

"नाही," मी म्हटले.

तलावावर पोचेपर्यंत दिवस कलला होता. जिरे एकदम मोठ्या पाण्यात सोडायचे नव्हते. एक रात्र ते तलावातच, पण बारीक जाळीच्या आत ठेवून सवय करायची होती. सोसायटीने जाळी मागवली होती, ती आलीच नव्हती. मग कोणाच्या तरी लक्षात आले की पाळीच्या कामासाठी गावातच मुक्कामाला असलेल्या ओव्हरसियर साहेबांकडे मच्छरदाणी आहे. चार बांबूंना दादाची मच्छरदाणी उलटी बांधली गेली आणि बंगालची पोरे तिच्यात निजली. दादा सकाळी उठला तेव्हा त्याच्या तोंडावर जागोजाग गांधी उठल्या होत्या आणि त्याने माझ्याशी चहा होईपर्यंत अबोला धरला.

खड्ड्याच्या काठी

सकाळी मायलेकांचे भांडण पुन्हा जुंपले. भिवराबाई घागर घेऊन निघाली होती, सुखदेव दारात आडवा उभा. पाटील पाळीवरून उतरून आले. दोघेही आपलेच खरे म्हणत होते आणि खरे काय ते कोणीच पाहिले नव्हते. मला राहवेना. मी म्हटले, "भांडता कशाला? तांब्याभर जिरे खड्ड्यात सोडा आणि बघा, खाते की नाही."

दोघांनी माझ्याकडे पाहिले. सुखदेव म्हणाला, "खाईन. मी सांगतो. खाल्लं तं माय, हे तलावात जानार नाई."

"अन् नाई खाल्लं तं जाईन," भिवराबाई म्हणाली. "पाटील, आयकून ठेवा."

"आयकलं," पाटील म्हणाले आणि छत्री उघडून काठावर ऐसपैस बसले.

सुखदेवने तांब्या हळूच पाण्यात कलता केला. काचेचे ते जीव पसरले. आम्ही सगळे वाकलो. बारीक पाऊस पाण्यावर टिकल्या मारत होता, तो थांबला की तळ दिसे. मरळ होती तिथेच होती. जिऱ्यांचा एक पुंजका तिच्या नाकासमोरून गेला. तिचे कल्ले उघडत होते, मिटत होते. दुसरा पुंजका तर तिच्या तोंडाला घासून गेला. ती हलली नाही. पाटलांनी पान लावले, खाल्ले, थुंकले. ती हलली नाही. मला पुस्तकातले काहीच आठवेना. अशा वेळी मासा खातो की नाही हे मला कोणी शिकवले नव्हते, आणि मला ते जाणून घ्यायची अशी काही तहान लागली होती की माझी वेणी पाण्यात लोंबते आहे हेही कळले नाही.

शेवटी पाटील उठले. "बुढीचं खरं हाय. नाई खात."

सुखदेवचा चेहरा पडला. पण पोरगा सच्चा. म्हणाला, "हरलो, माय. सोड तलावात." आणि वळून चालू लागला. त्याच्या मागे वस्तीतले लोकही निघाले. मलाही उठावेसे वाटत होते, त्याचे तोंड बघायला नको म्हणून.

भिवराबाई मात्र उठली नाही. ती पाण्याकडे बघतच होती.

"थांब रे," ती म्हणाली.

तिने बोट केले. तो लाल गोळा आता गोळा राहिला नव्हता. विस्कटला होता. पेराएवढी लाल पिल्ले खड्डाभर पांगली होती आणि सुळकन पुढे जाऊन पुन्हा मागे येत होती. दर सुळकीला एक काचेचा जीव दिसेनासा होत होता. आम्ही सगळे आईचे तोंड बघत बसलो होतो. पोरांकडे कोणी पाहिलेच नव्हते. थोड्या वेळाने पाण्यात ते काळे डोळे शोधावे लागू लागले.

"माय उपाशी हाय," भिवराबाई म्हणाली, "पोट्टे जेवून राहिले."

 ती गप्प राहिली असती तर पैज तिचीच होती, आणि आम्हांपैकी कोणालाही ते कळले नसते.

"पैज तू जितली, माय," सुखदेव हळूच म्हणाला. "मी शब्द देल्ला."

"पैजंले काय जाळाचं हाय?" ती एकदम कडाडली. मग आवाज खाली आला. "खातीनच ना ते. खाल्ल्याबिगर मोठे कसे होतीन?" तिने घागर जवळ ओढली आणि पुन्हा दूर सारली. "पन मी हिले दुसरीकडं कशी टाकू? बापानं सांगून ठेवलं हाय. तलाव वांझ झाला तं वस्ती मलेच बोलन."

मला वाटले, आता काही शास्त्राचे सांगावे. सुदैवाने मला तेवढी अक्कल होती की मी गप्प बसले. बोलले ते पाटील.

"माह्या खालच्या बांधीत सोड. तलावाचंच पानी हाय ते. पाळीतून निंगते, धानात येते. पानी तेच, भिवरा. तलावाभायेर गेली असं नाई होत."

 हा निवाडा तिच्या बापाला पटला असता की नाही, हेच भिवराबाई बहुधा पारखत होती. मग पाटलांकडे रोखून बघत म्हणाली, "अन् तुमी खासान. मरळ तुमाले आवडते."

पाटील ओशाळले. "लेकरं मोठी होतवरी हात नाई लावत. कोहळी बोलला तं बोलला."

तिने टोपली पाण्यात बुडवली, पांगलेली लाल पिल्ले सावकाश गोळा केली आणि ती टोपली घागरीच्या तोंडाशी धरली. मरळ दोनदा घिरटी घालून आपणहून घागरीत शिरली. ते बघताना मला रडू आले. आजारातून उठलेल्या माणसाला लवकर रडू येते म्हणतात, तसे असेल.

खालच्या बांधीत पाणी मांडीभर होते, बेडूक होते, किडे तर विचारूच नका. मरळ पिल्लांसकट धानात नाहीशी झाली.

जिरे सुटले

त्या तलावात मासा झाला की नाही, हे मला अजून माहीत नाही. थंडी पडेपर्यंत ते कोणालाच कळायचे नाही. मी फक्त सोडताना पाहिले ते सांगते.

मच्छरदाणीची एक बाजू सोडली. बस. पाणी पाण्यात गेले. वस्तीतले सारे लोक पाळीवर जमले होते, आणि बघण्यासारखे काही नव्हते. जरा वेळ थांबून लोक रोवणीला निघाले. धान कोणासाठी थांबत नाही.

"गेले?" भिवराबाईने विचारले.

"गेले," सुखदेव म्हणाला. तो मच्छरदाणी पिळत होता.

"एक बी दिसत नाई." तिने पाण्यावर नजर फिरवली. पलीकडे बुडालेल्या खोडावर दोन पाणकावळे पंख वाळवत बसले होते. काठाच्या गवतात एक ढोकरी, म्हणजे मातकट बगळी, मान आखडून टपली होती. "अन् आता राखन कोन ह्याइले?"

 जिरे सोडायचे शिकवायला आलेल्या सरकारी साहेबांनी सुखदेवला सांगितले होते, जिरे सोडले की काम झाले, पुढे तलाव जाणे. तेच तो आईला सांगेल असे मला वाटले. पण त्याने मच्छरदाणी माझ्या हातात दिली, चार बांबूंपैकी एक उपटला आणि गुडघाभर पाण्यात शिरून तो असा काही आपटला की दोन्ही पाणकावळे उडाले. मग तो काठावर येऊन दगडावर बसला, बांबू मांडीवर आडवा घेऊन.

"मी हाय ना," तो म्हणाला. "भात इकडंच घेऊन ये, माय."

"किती दिस?"

"मोठे होतवरी."

दादा गाडी जुंपून हाका मारत होता. माझी परतीची गाडी त्याच दिवशी होती. मी सुखदेवचा निरोप घ्यायला वळले, तर त्याचे माझ्याकडे लक्षच नव्हते, ढोकरी पुन्हा सरकू लागली होती. भिवराबाई मला बैलगाडीपर्यंत पोचवायला आली. सारी वाट ती मधून मधून मागे वळून बघत होती. गाडीशी आल्यावर तिने माझ्या पदराला लागलेला चिखल आपल्या हाताने झटकला. तिचा चेहरा नुसता फुलला होता.

"निंगा, बाई, तुमची गाडी जाईन," ती म्हणाली. "माह्या सुक्याले आता कोठी जाता येत नाई."